लिपी घडते, पण जगते कशाने?

लिपी पिढ्यानपिढ्या घडत जाते, असा आपला समज असतो. देवनागरीविषयी तो खराही आहे. परंतु एकट्या माणसाने आपल्या भाषेला लिपी दिल्याचीही उदाहरणे आहेत. अमेरिकेतील चेरोकी जमातीचा सिक्वोया हा चांदीकाम करणारा कारागीर होता. त्याला इंग्रजी वाचता येत नव्हते. प्रथम त्याने प्रत्येक शब्दासाठी एक चिन्ह योजले. पण शब्दांना अंत कोठे? मग त्याच्या ध्यानी आले की, शब्द अगणित असले तरी ते ज्या अक्षरांनी बनतात ती मोजकीच असतात. १८२१ साली सुमारे ८५ अक्षरांची लिपी सिद्ध झाली आणि १८२८ साली तीत वृत्तपत्रही छापले जाऊ लागले.

असाच प्रयत्न आपल्या शेजारीही झाला आहे. गोंदियाला लागून असलेल्या बालाघाट जिल्ह्यातील मुन्शी मंगलसिंग मसराम यांनी १९१८ साली गोंडी भाषेसाठी लिपी तयार केली. तिची वळणे स्वतंत्र असली तरी मांडणी देवनागरीसारखीच आहे: व्यंजनात ‘अ’ मिसळलेला असतो आणि इतर स्वर चिन्हांनी दाखवितात.

अशा लिपीची गरज काय? गोंडी ही द्राविड कुळातील भाषा अनेक राज्यांत विखुरलेली आहे. महाराष्ट्रात ती देवनागरीत लिहितात, तेलंगणात तेलुगू लिपीत. गडचिरोलीहून आलेले पत्र कोणी वाचून दाखविले, तर बोलीभेद असूनही आदिलाबादच्या गोंडास त्यातील पुष्कळसे कळेल. स्वतः वाचू म्हटले तर मात्र अक्षरच आडवे येईल. मुखातील आपली भाषा कागदावर परकी होते.

तरीही मसराम लिपी घरोघर पोहोचली नाही. चेरोकी लिपीला सात वर्षांत छापखाना लाभला. हिला संगणकाच्या युनिकोड संकेतात स्थान मिळण्यास २०१७ साल उजाडले. शिवाय आदिलाबादकडील गुंजाला गावी वेगळ्याच गोंडी लिपीतील हस्तलिखिते सापडल्याने कोणती लिपी स्वीकारावी, हाही प्रश्न उभा राहिला.

संथाळीची वाट निराळी ठरली. रघुनाथ मुर्मू यांनी १९२५ साली तिला ओल चिकी लिपी दिली आणि २००३ साली दिल्लीतील संसदेने संविधानाच्या आठव्या अनुसूचीत त्या भाषेचा समावेश केला. २०११ च्या जनगणनेत सुमारे ३० लाख भाषक नोंदविलेली गोंडी त्या अनुसूचीत अद्याप नाही.

लिपी शोधणे एका माणसास साधते. ती जगविण्यास शाळा, छापखाना आणि राजमान्यता लागते. या तिन्हींच्या अभावी उत्तम लिपीही वहीतच राहते.