संशयाची दिशा : डोरोथी बी. ह्यूज यांच्या कादंबऱ्या

गुन्हेगारी कादंबरीच्या वाचकाची सर्वांत जुनी सवय म्हणजे खुनी कोण याचा शोध घेत पाने उलटणे. डोरोथी बी. ह्यूज या अमेरिकन लेखिकेने आपल्या सर्वोत्तम पुस्तकांत हा प्रश्न जवळजवळ बाजूलाच सारला आणि त्याच्या जागी दुसरा, अधिक अडचणीचा प्रश्न आणला : समाज संशय घेतो तो कोणावर, आणि कोणाला त्यातून आपोआप सूट देतो? १९४७ मधील ‘इन अ लोन्ली प्लेस’ आणि १९६३ मधील ‘द एक्स्पेंडेबल मॅन’ या त्यांच्या दोन कादंबऱ्या शेजारी ठेवून वाचल्या, तर पहिलीतला खुनी माणूस लॉस एंजेलिसच्या रस्त्यांवर रात्री-अपरात्री निर्धास्त भटकताना दिसतो आणि दुसरीतला निरपराध तरुण डॉक्टर मोकळ्या महामार्गावर, कोणताही गुन्हा केलेला नसताना, प्रत्येक अनोळखी नजरेचा अंदाज घेत गाडी हाकताना दिसतो. या दोन पुस्तकांमध्ये सोळा वर्षांचे अंतर असले, तरी दोन्हींमागचा विचार एकच आहे.

हा विचार ज्या साहित्यप्रकारातून पुढे आला, त्याची थोडी ओळख येथे आवश्यक आहे. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात इंग्रजी रहस्यकथेचे ढोबळमानाने दोन प्रवाह मानले जात : एक अगाथा ख्रिस्ती यांच्यासारख्या लेखकांचा, ज्यात खून हे बुद्धीने सोडवायचे कोडे असे, आणि दुसरा डॅशिएल हॅमेट, रेमंड चँडलर यांचा, ज्याला ‘हार्ड-बॉइल्ड’ म्हणत आणि ज्यात शहरी भ्रष्टाचाराला तोंड देणारा, भावनेला फारसा थारा न देणारा खाजगी गुप्तहेर नायक असे. १९४० नंतरच्या अमेरिकेत यांच्या जोडीने ‘सस्पेन्स’ कादंबरी बळावली. घडून गेलेल्या गुन्ह्याच्या उलगड्यापेक्षा गुन्हा घडत असतानाची, किंवा तो कोणत्याही क्षणी घडेल अशी, धास्ती या प्रकारात महत्त्वाची ठरते, आणि त्यामुळे गुप्तहेराची जागा बहुधा भेदरलेले, अडकलेले किंवा स्वतःच अपराधी असलेले मन घेते. व्हेरा कॅस्परी, शार्लट आर्मस्ट्राँग, मार्गारेट मिलर, पॅट्रिशिया हायस्मिथ अशा अनेक स्त्रियांनी हा प्रकार घडवला. ह्यूज त्यांच्यापैकीच, मात्र त्यांनी घर आणि संसार हे आपले मुख्य क्षेत्र न मानता रस्ते, हॉटेले, रेल्वेचे डबे आणि वाळवंट निवडले, आणि कित्येकदा पुरुषाच्या मनात शिरून लिहिले.

त्यांचा जन्म १९०४ मध्ये मिसुरी राज्यातील कॅन्सस सिटी येथे झाला. पत्रकारितेचे शिक्षण घेतलेल्या या लेखिकेचे पहिले पुस्तक मात्र कवितांचे होते : ‘डार्क सर्टन्टी’ हा संग्रह १९३१ मध्ये येल विद्यापीठाच्या तरुण कवींसाठीच्या मालेत निघाला. विवाहानंतर न्यू मेक्सिको राज्यातील सँटा फे हे त्यांचे गाव झाले, आणि त्या प्रदेशाचा उजेड, धूळ, तेथील मूळनिवासी, मेक्सिकन व गोऱ्या वस्तीतील ताण हे सारे पुढे त्यांच्या कथांत उतरले. १९४० मध्ये ‘द सो ब्लू मार्बल’ ही पहिली कादंबरी प्रसिद्ध झाली आणि १९४७ अखेरपर्यंत त्यांनी एकूण अकरा गुन्हेकथा लिहून टाकल्या. हा वेग थक्क करणारा आहे, आणि तो सर्वच पुस्तकांना मानवलेला नाही हेही सांगितले पाहिजे. निळ्या गोटीच्या मागे लागलेले, टोप्या घालून हिंडणारे देखणे आणि निर्दय जुळे भाऊ ही पहिल्या कादंबरीतील कल्पना आज काहीशी नाटकी वाटते. युद्धकाळातील नाझी हेरांच्या कथांपैकीही काहींत कारस्थान इतके गुंतागुंतीचे होते की माणसे त्याखाली दबून जातात.

तरीही याच काळातील तीन पुस्तकांत पुढच्या ह्यूज दिसू लागतात. ‘द फॉलन स्पॅरो’ (१९४२) या कादंबरीचा नायक स्पेनच्या यादवी युद्धात कैदेत छळ सोसून न्यूयॉर्कला परतलेला आहे, आणि लंगडत चालणाऱ्या एका माणसाच्या पावलांचा आवाज त्याच्या डोक्यातून जात नाही. धोका बाहेर किती आणि मनात किती, हे वाचकालाही नीट ठरवता येत नाही. ‘द ब्लॅकबर्डर’ (१९४३) मध्ये जर्मनव्याप्त फ्रान्समधून निसटलेली, अमेरिकेत कागदपत्रांशिवाय राहणारी तरुणी नाझींना जितकी भिते तितकीच अमेरिकन पोलिसांनाही भिते. ‘ड्रेड जर्नी’ (१९४५) मध्ये लॉस एंजेलिसहून निघालेल्या आगगाडीत एक बडा चित्रपटनिर्माता आपल्याच नटीचा काटा काढण्याचा बेत आखत असतो, आणि प्रवाशांची सेवा करणारा कृष्णवर्णीय कर्मचारी ते सारे निमूटपणे पाहत असतो. त्याला दिसते पुष्कळ, पण त्याला विचारणार कोण, हा प्रश्न तेथे प्रथम उमटतो.

‘राइड द पिंक हॉर्स’ (१९४६) ही या उमेदवारीच्या काळाची सांगता मानता येईल. सेलर नावाचा शिकागोचा एक हलक्या दर्जाचा गुंड, ज्याच्या तालमीत तो वाढला त्या सिनेटरकडून पैसे उकळण्यासाठी सँटा फे येथे येतो, आणि नेमका तेथील वार्षिक फिएस्टाचा उत्सव सुरू असल्याने त्याला राहायला खोलीदेखील मिळत नाही. या उत्सवात झोझोब्रा नावाचा प्रचंड पुतळा, वर्षभराच्या दुःखचिंतांचे प्रतीक म्हणून, जाळला जातो. होळीची परंपरा असलेल्या वाचकाला हे दृश्य फार परके वाटणार नाही. स्थानिक माणसांना तुच्छ लेखणारा सेलर अखेर आसरा घेतो तो लहान मुलांचा फिरता पाळणा चालवणाऱ्या एका गरीब मेक्सिकन माणसाचाच. त्याच्या मागावर आलेला शिकागोचा पोलिस अधिकारी त्याला खरे सांगून टाकण्याची संधी पुन्हा पुन्हा देत राहतो. सेलर सुटणार की नाही यापेक्षा तो स्वतःला सुटू देणार की नाही, यावर कादंबरीची पकड टिकून राहते. रॉबर्ट माँट्गमरी यांनी १९४७ मध्ये यावर चित्रपट काढला आणि पाळणेवाल्याच्या भूमिकेसाठी थॉमस गोमेझ यांना ऑस्करचे नामांकन मिळाले.

त्याच वर्षी ‘इन अ लोन्ली प्लेस’ प्रसिद्ध झाली. डिक्स स्टील हा युद्धात वैमानिक असलेला तरुण लॉस एंजेलिसमध्ये एका ओळखीच्या श्रीमंत माणसाच्या घरात राहतो, त्याचेच कपडे घालतो, त्याचीच मोटार वापरतो आणि तो माणूस परदेशी गेला आहे असे सर्वांना सांगतो. शहरात स्त्रियांचे गळा दाबून खून होत आहेत. डिक्सचा लष्करातील जुना मित्र ब्रब आता पोलिस खात्यात गुप्तहेर असून याच प्रकरणाचा तपास करत असतो, आणि डिक्स रहस्यकादंबरी लिहीत असल्याची थाप मारून त्याच्याकडून तपासाची माहिती काढून घेतो. खुनी डिक्सच आहे हे वाचकाला आरंभीच्या काही पानांतच कळून चुकते. लेखिका ते उघड शब्दांत सांगत नाही आणि एकही खून पानावर घडू देत नाही.

ह्यूज यांचे सर्वांत मोठे कौशल्य याच निवडीत आहे. सारे निवेदन तृतीय पुरुषात असूनही डिक्सच्या जाणिवेबाहेर ते एक पाऊलही टाकत नाही, त्यामुळे त्याला जे स्वतःशी कबूल करायचे नसते ते वाचकालाही केवळ फटींमधून दिसते : मध्येच तुटलेली एखादी रात्र, दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्राकडे झालेली घाई, कारण नसताना उसळलेला संताप. जिम थॉम्पसन यांच्या ‘द किलर इन्साइड मी’ (१९५२) मध्ये खुनी स्वतःच आपली हकिकत सांगतो आणि त्यामुळे त्याच्या आवाजाची एक मोहिनी पडते. ह्यूज वाचकाला खुन्याच्या इतके जवळ बसवतात, पण त्याच्या बाजूने मुळीच नाही. दुसऱ्याच्या कपड्यांत आणि दुसऱ्याच्या पैशावर जगणारा हा खुनी हायस्मिथ यांच्या रिप्ली या पात्राच्या आठ वर्षे आधीचा आहे, हेही लक्षात घेण्यासारखे आहे. मात्र रिप्लीविषयी त्याच्या लेखिकेला वाटणारे कौतुक ह्यूज यांच्याजवळ नाही. डिक्सचा स्त्रीद्वेष ही त्यांना गूढ विकृती वाटत नाही. युद्धाने दिलेला तात्पुरता मान संपल्यावर, हक्काचे वाटणारे ऐश्वर्य न मिळालेल्या माणसाची ती हाव आहे, अशा थंडपणे त्या तिच्याकडे पाहतात.

डिक्स इतके दिवस सापडत का नाही, याचे कादंबरीने दिलेले उत्तर साधे आहे. तो गोरा, देखणा, चांगले कपडे घातलेला, माजी सैनिक आणि पोलिस अधिकाऱ्याचा मित्र असल्याने त्याच्याविषयी शंका घेण्याचे कोणाला सुचतच नाही. ज्यांना सुचते त्या दोघीही स्त्रिया आहेत : ब्रबची पत्नी सिल्व्हिया आणि डिक्सची शेजारीण व प्रेयसी लॉरेल. नेहमीच्या हार्ड-बॉइल्ड कथेत लॉरेलसारखी लालसर केसांची नटी पुरुषाचा घात करणारी मोहिनी ठरली असती आणि सिल्व्हियाने पडद्यामागे कॉफी केली असती. येथे डिक्स त्या दोघींना याच साच्यांत बसवून पाहतो, आणि तेथेच फसतो. त्याच्या नजरेतून लिहिलेल्या पुस्तकात त्याची नजर किती अपुरी आहे हे वाचकाला दाखवून देणे ही तांत्रिकदृष्ट्या अवघड गोष्ट आहे, आणि ती ज्या सफाईने साधली आहे तिला त्या काळच्या गुन्हेकथेत फारशी तोड सापडणार नाही.

निकोलस रे यांनी दिग्दर्शित केलेल्या १९५० मधील चित्रपटाने हे सर्व बदलले. हम्फ्री बोगार्ट यांनी साकारलेला डिक्स हा पटकथालेखक आहे, तापट आणि हिंसक आहे, पण खुनी नाही. संशयामुळे त्याचे आणि लॉरेलचे प्रेम कसे करपते ही चित्रपटाची कथा आहे. चित्रपट स्वतंत्रपणे उत्कृष्टच आहे. त्याच्या कीर्तीने कादंबरी मात्र कित्येक वर्षे झाकोळली गेली, आणि संशय घेणाऱ्या स्त्रिया बरोबर होत्या हा कादंबरीचा गाभा पडद्यावर नेमका उलटा झाला.

१९५२ च्या ‘द डेव्हिडियन रिपोर्ट’ या शीतयुद्धाच्या पार्श्वभूमीवरील पुस्तकानंतर ह्यूज यांनी अकरा वर्षे कादंबरी लिहिली नाही. आईचे आजारपण, नातवंडे, घरची जबाबदारी यांत लेखनाला लागणारे स्वास्थ्य उरले नाही, असे त्याचे कारण सांगितले जाते. वर्तमानपत्रांतून रहस्यकथांची परीक्षणे लिहिणे मात्र चालू होते. या समीक्षेसाठी त्यांना १९५१ मध्ये एडगर पुरस्कार मिळाला होता. नंतर १९६३ मध्ये ‘द एक्स्पेंडेबल मॅन’ आली, म्हणजे ज्याच्या असण्या-नसण्याने कोणाचे काही अडत नाही असा माणूस. ज्यांना ही कादंबरी अनभिज्ञपणे वाचायची असेल, त्यांनी पुढील दोन परिच्छेद सध्या सोडून दिलेले बरे.

ह्यू डेन्समोर हा लॉस एंजेलिसमधील शिकाऊ डॉक्टर भाचीच्या लग्नासाठी ॲरिझोनातील फीनिक्स येथे आईची पांढरी कॅडिलॅक घेऊन निघालेला असतो. कॅलिफोर्नियाच्या वाळवंटात, अंधार पडण्याच्या सुमारास, रस्त्याकडेला एकटी उभी असलेली एक किशोरवयीन मुलगी त्याला दिसते आणि तिला तेथे टाकून जाणे बरे नव्हे म्हणून तो तिला गाडीत घेतो. तेव्हापासून त्याचे वागणे चमत्कारिक वाटावे इतके सावध होते : तो तिला बसचे तिकीट काढून देतो, तिच्यासोबत कोणाच्या नजरेस पडू नये म्हणून धडपडतो, सीमेवरच्या तपासणीला घाबरतो. इतक्या सभ्य, सुखवस्तू घरातील डॉक्टरला एवढी भीती कशाची, असे वाचकाला वाटत राहते. सुमारे पन्नास पाने उलटल्यानंतर, ती मुलगी बेकायदा गर्भपातानंतर मृतावस्थेत सापडते आणि पोलिस ह्यूच्या दाराशी येतात, तेव्हा त्यांच्या तोंडच्या एका शिवीवरून तो कृष्णवर्णीय असल्याचे उघड होते.

ही वाचकाला चकवण्याची क्लृप्ती असती तर दुसऱ्या वाचनात तिच्यात काही उरले नसते. प्रत्यक्षात पहिली पन्नास पाने पुन्हा वाचली की त्यांतील प्रत्येक तपशील जागच्या जागी असल्याचे दिसते. लेखिकेने काहीही खोटे सांगितलेले नसते. नायकाचा वर्ण सांगितला नाही म्हणजे तो गोराच, हे गृहीत वाचकाने आपल्या पदरचे घातलेले असते. यामुळे खून कोणी केला याचा तपास पुढे सुरू राहिला, तरी वाचक स्वतःही चौकशीत ओढला जातो. कायद्याने गर्भपाताला मनाई असलेल्या त्या काळात (देशव्यापी मान्यता न्यायालयाने १९७३ मध्ये दिली) कृष्णवर्णीय डॉक्टर आणि मृत गोरी मुलगी एवढे दोनच दुवे पोलिसांना पुरतात. एका गोऱ्या लेखिकेने नागरी हक्कांच्या चळवळीच्या ऐन भरात हे पुस्तक लिहिले, आणि त्यात ह्यूला दयेचा विषय न करता सुशिक्षित कुटुंबातील, स्वाभिमानी, प्रसंगी चिडणारा माणूस म्हणून उभे केले. कथेचा उत्तरार्ध पूर्वार्धाइतका घट्ट नाही आणि खऱ्या गुन्हेगाराचा शोध थोडा लांबतो, हे मान्य करूनही हीच त्यांची सर्वांत धाडसी कादंबरी मानावी लागते.

त्यानंतर त्यांनी कादंबरी लिहिली नाही. १९७८ मध्ये पेरी मेसन या पात्राचे जनक अर्ल स्टॅन्ली गार्डनर यांचे त्यांनी लिहिलेले चरित्र आले, आणि त्याच वर्षी अमेरिकेतील रहस्यकथाकारांच्या संघटनेने त्यांना ‘ग्रँड मास्टर’ हा आपला सर्वोच्च सन्मान दिला. १९९३ मध्ये ऑरेगन राज्यात त्यांचे निधन झाले, तेव्हा त्यांची बहुतेक पुस्तके दुकानांतून दिसेनाशी झालेली होती. ‘इन अ लोन्ली प्लेस’चे पुनर्मुद्रण २००३ मध्ये न्यूयॉर्कच्या फेमिनिस्ट प्रेसने केले, आणि २०१५ मध्ये लायब्ररी ऑफ अमेरिकाने प्रसिद्ध केलेल्या, १९४० व १९५० च्या दशकांतील स्त्रियांच्या आठ सस्पेन्स कादंबऱ्यांच्या संचात तिला स्थान मिळाले. ‘द एक्स्पेंडेबल मॅन’ त्या कालमर्यादेबाहेर पडत असल्याने संचात नाही. ती २०१२ मध्ये वॉल्टर मोझ्ली यांच्या उपसंहारासह स्वतंत्रपणे पुन्हा निघाली असून, ह्यूज यांच्याशी पहिली ओळख करून घेणाऱ्याने ‘इन अ लोन्ली प्लेस’ आधी आणि ही नंतर वाचणे सोयीचे ठरेल.