‘ने’ला गोत्र नाही

निहाली भाषेत ‘जो’ म्हणजे मी आणि ‘ने’ म्हणजे तू. मराठी माणसाच्या कानाला हे गमतीचे वाटते. आपल्याकडे ‘जो’ हे संबंधी सर्वनाम आणि ‘ने’ हा तृतीयेचा प्रत्यय. दोघांनाही एकट्याने उभे राहता येत नाही. एकाला ‘तो’ लागतो, दुसऱ्याला नाम. पण बुलढाणा जिल्ह्याच्या उत्तर टोकाला, सातपुड्याच्या पायथ्याशी, जळगाव जामोदच्या बाजूला जामोद, सोनबर्डी, कुवरदेव, चालठाणा अशा मोजक्या गावांत हेच दोन शब्द बोलणाऱ्याला आणि ऐकणाऱ्याला नाव देतात.

निहाली बोलणारे सगळे मिळून दोन-अडीच हजार. काही या जिल्ह्यात, काही पलीकडे मध्य प्रदेशातल्या बुऱ्हाणपूरकडे. पाण्याला ते ‘जोप्पो’ म्हणतात, विस्तवाला ‘अप्पो’, डोळ्याला ‘जिकी’. हे शब्द मराठीचे नाहीत आणि शेजारच्या कोरकूचेही नाहीत. ही भाषा जगातल्या कोणत्याही भाषाकुळात निर्विवाद बसलेली नाही, म्हणून अभ्यासकांना तिचे भारी आकर्षण. आणि कुळ शोधायला निघालेल्यांचे लक्ष जाते ते नेमके अशा एकाक्षरी शब्दांकडे. ‘ने’ म्हणजे तू. तमिळमध्ये ‘नी’ म्हणजे तू. चिनीतही ‘नी’ म्हणजे तू. झाले, सोयरीक जुळली! ती का जुळत नाही हे कळायला या ‘ने’चा माग काढत आशियाभर हिंडावे लागते. सुरुवात अर्थात घरातून.

मराठीत ‘ने’ निदान तीन आहेत. पहिला शाळेत पाठ केलेला: ने, ए, शी. करण दाखवतो (‘विळ्याने कापले’) आणि भूतकाळात कर्त्याला लागतो (‘त्याने आंबा खाल्ला’). दुसरा आज्ञार्थी: ‘डबा ने’. हा संस्कृत ‘नी’ धातूचा वंशज, म्हणजे नेता, नयन आणि नीती यांचा सख्खा नातलग. तिसरा आज बोलण्यातून जवळजवळ गेला, पण संतवाङ्मयात जागोजागी भेटतो: ‘नेणे’ म्हणजे न जाणे. त्याचा ‘नेणता’ अजून म्हाताऱ्या माणसांच्या तोंडी आहे आणि ‘नेणीव’ मानसशास्त्राच्या मराठी पुस्तकांनी उचलली आहे. उचलून घेऊन जाणे आणि मुळीच माहीत नसणे, या दोन क्रियापदांचे रूप एकच असावे आणि शेकडो वर्षे कुणाचे काही अडू नये, हे मला फार बोलके वाटते. संदर्भ असला की माणसे गोंधळत नाहीत. गोंधळतो तो शब्दकोश.

पहिल्या ‘ने’बद्दल थोडे अधिक बोलायला हवे, कारण तो दिसतो तितका साधा नाही. ‘त्याने खाल्ला’ म्हणतो, पण ‘मी खाल्ला’, ‘तू खाल्लास’ म्हणताना ‘ने’ लावत नाही. प्रथम आणि द्वितीय पुरुषाला मराठीने या प्रत्ययातून सूट दिली आहे. पूर्वी तिथेही वेगळी रूपे होती, ‘म्यां’ आणि ‘त्वां’. ती गेली आणि जागा रिकामी राहिली. हिंदीने मात्र कुणालाच सोडले नाही: मैंने, तूने, उसने. म्हणून हिंदी बोलताना आपल्या माणसाचे पाऊल हमखास इथेच घसरते, ‘मैं आम खाया’ होते. दखनी बोलणाऱ्यांना या चुकीची लाज वाटत नाही, कारण त्यांच्या बोलीत ‘ने’ पुष्कळदा गळतोच. मलकापूर-खामगावकडचे उर्दू कान देऊन ऐकावे. दिल्लीच्या व्याकरणाची तिथे फारशी मातबरी नाही.

मराठी ‘ने’ने आणखी एक काम पत्करले आहे. ‘पाटलाने सांगितले’ आणि ‘पाटलांनी सांगितले’ यांत माणूस एकच, पण सांगणाऱ्याची पाटलाकडे पाहण्याची नजर वेगळी. प्रत्ययाचे एकवचन-अनेकवचन आपण मानपानासाठी राबवतो. हिंदीचा ‘ने’ इथे गप्प असतो. मान द्यायचा तर त्यांना ‘जी’ जोडावा लागतो.

आणि हा सगळा कारभार छापील मराठीचा. बुलढाण्यात भाषेबद्दल बोलायचे तर आधी घाटावरचे की घाटाखालचे, हे विचारावे लागते. घाटावर चिखली, मेहकर, लोणार, देऊळगाव राजा, सिंदखेड राजा. बोलण्याचा कल जालन्याकडे, मराठवाड्याकडे. घाटाखाली खामगाव-शेगावला वऱ्हाडी, आणि मलकापूरकडे सरकत गेले की लेवा गणबोली, खानदेशी वळणे. पण वर असो की खाली, ‘ने’ फारसा कुणी उच्चारत नाही. ‘बापानं’, ‘मायनं’, ‘त्यानं’. ‘ने’ राहिला वर्तमानपत्रात, सातबाऱ्याच्या अर्जात आणि सत्काराच्या भाषणात. पश्चिमेला खानदेशात उतरलो तर अहिराणीत ना, नी, नं हे चक्क षष्ठीचे प्रत्यय होतात: ‘मना’ म्हणजे माझा, ‘तुना’ म्हणजे तुझा. जिथे आपण करणारा ओळखतो, तिथे त्यांना मालक दिसतो.

जुन्या मराठीत तर ‘ने’चे एवढे प्रस्थही नव्हते. लीळाचरित्रात मेहकर-लोणारचे उल्लेख आहेत. त्या मराठीत कर्ता ‘गोसावीं’ असा नुसत्या अनुस्वारावर भागतो. संतांच्या ‘नामें’, ‘भावें’ यांतही तेच. ‘ने’ मागाहून बळावला. तो संस्कृतच्या ‘-एन’मधून आला की आणखी कुठून, यावर शंभर वर्षांहून अधिक काळ वाद चालू आहे, आणि हिंदीच्या ‘ने’बाबत तर पंडितांचे अजून एकमत नाही. ज्या शब्दाचा पणजोबा घरातच ठरत नाही, त्याचे चुलते तमिळनाडूत आणि चीनमध्ये शोधणाऱ्यांच्या धाडसाचे म्हणूनच कौतुक वाटते.

मराठी मुलुखातून वर निघाले की ‘ने’ थेट पक्ष बदलतो. खामगावच्या कापूस बाजारात आणि चांदीच्या पेढ्यांत पिढ्यान्‌पिढ्या मारवाडी बोलली गेली. तिच्यात ‘रामनै’ म्हणजे रामाला. गुजरातीतही ‘रामने’ म्हणजे रामालाच. मराठीत ‘रामने दिले’ म्हटले तर राम देणारा. तीच अक्षरे गुजराती कानावर पडली तर राम घेणारा. व्यवहारात याचा अर्थ उलटा लागला तर काय होईल, हे पेढीवर बसणाऱ्याला सांगायला नको. हरियाणवीने तर कमाल केली आहे: एकच ‘ने’ करणाऱ्यालाही लावायचा आणि ज्याच्यावर क्रिया घडते त्यालाही. ‘मन्ने’ म्हणजे मी आणि मला दोन्ही. कोणता ते वाक्याने ठरवावे. गुजरातीत शिवाय ‘ने’ म्हणजे ‘आणि’, तोच ‘अने’चा आखूड अवतार, आणि वाक्याच्या शेवटी लाडिक आर्जवाचाही ‘ने’ आहेच: ‘आवशो ने?’ तिथे आपण ‘याल ना?’ म्हणतो.

बंगालीत ‘ने’ म्हणजे घे. आपल्याकडे ‘ने’ म्हटले की वस्तू दूर जाते, त्यांच्याकडे हातात येते. जुन्या बोली बंगालीत ‘जानिने’ म्हणजे मला ठाऊक नाही. आपल्या ‘नेणे’ची इथे आठवण होते आणि या वेळी आठवण बरोबर आहे, कारण दोन्हीकडे मुळात तोच नकाराचा ‘न’. खरे नाते असते ते असे: अर्थ जुळतो, घडण जुळते आणि दोन्ही भाषांचा इतिहास लिखित पुराव्याने तपासता येतो.

दक्षिणेत मामला सर्वनामांचा. तमिळ आणि मल्याळममध्ये ‘नी’, कन्नडमध्ये ‘नीनु’, आपल्या यवतमाळकडच्या कोलामीत ‘नीव’, आणि दूर बलुचिस्तानातल्या ब्राहुईतही ‘नी’. सगळीकडे अर्थ तू. कोलामीपासून ब्राहुईपर्यंत दीड-दोन हजार किलोमीटर अंतर, तरी हे नाते पक्के आहे. कारण जुळते ते नुसते ‘नी’ नव्हे, ‘मी’ जुळतो, ‘आम्ही’ जुळतो, विभक्ती लागताना होणारे बदलही जुळतात. पण याच कुटुंबात तेलुगू पाहा. ‘नेनु’ म्हणजे मी, आणि बोलताना त्याचा नुसता ‘ने’ होतो. निहालीचा ‘ने’ समोरच्याकडे बोट दाखवतो, तेलुगूचा स्वतःच्या छातीवर हात ठेवतो. केवळ ध्वनीवर विश्वास ठेवला तर हैदराबादच्या मीला सोनबर्डीच्या तूचा भाऊ म्हणावे लागेल.

समुद्र ओलांडून सिंहलीत ‘ने’ म्हणजे ‘हो ना?’ आणि त्याहून खूप लांब, जपानीतही वाक्याच्या शेवटी येणारा ‘ने’ म्हणजे ‘हो ना?’ गुजरातीचा लाडिक ‘ने’ यांच्या जोडीला बसवला तर एक सुंदर सिद्धांत तयार होतो आणि तो पूर्ण चुकीचा ठरतो. जपानीत ‘ने’ मूळ आहे (झाडाचे), ‘ने’ आवाज आहे, ‘ने’ किंमत आहे आणि बारा वर्षांच्या प्राणिचक्रातला उंदीरही ‘ने’च आहे. लिपीत प्रत्येकाचे चिन्ह वेगळे, म्हणून वाचताना घोळ होत नाही. ब्रह्मी भाषेत ‘ने’ म्हणजे सूर्य, शिवाय राहणे. सूर जरा बदलला की दिवस. तुर्कीत ‘ने’ म्हणजे काय? हे उत्तरही आहे आणि प्रश्नही: ‘ने’ म्हणजे ‘काय’.

कोरियनची गोष्ट मात्र थांबून सांगण्यासारखी. तिथे ‘ने’ म्हणजे हो, मोजताना ‘चार’, आणि तुझा. गंमत अशी की ‘माझा’ यासाठीचा शब्द पूर्वी ‘नॅ’सारखा उच्चारला जाई. काळाच्या ओघात सोलच्या बोलीत ‘ॲ’ आणि ‘ए’ यांतला फरक पुसला गेला. मग माझा आणि तुझा यांचा उच्चार एकच झाला! कोणत्याही समाजाला हे परवडणारे नाही. लोकांनी बोलताना ‘तुझा’चा उच्चार ‘नी’ करायला सुरुवात केली. लिहिताना अजून जुनेच लिहितात. आता विचार करा: हजार वर्षांनी लेखी पुरावा नसलेला एखादा अभ्यासक कोरियनचा ‘नी’ आणि तमिळचा ‘नी’ शेजारी ठेवून काय म्हणेल? आणि आपल्याला ठाऊक आहे की तो ‘नी’ कालपरवाचा, घरगुती अडचणीतून निघालेला.

चिनीचा ‘नी’ खराच तू आहे. वाक्याच्या शेवटी येणारा प्रश्नार्थक शब्द रोमन लिपीत ‘ने’ असाच दिसतो, म्हणून अशा याद्यांत तो हटकून घुसवतात. पण त्याचा उच्चार आपल्या ‘न’च्या जवळचा. कितीतरी भाषिक सोयरिकी अशा रोमन स्पेलिंगवरच ठरतात. उच्चार कुणी ऐकलेलाच नसतो. देवनागरीत लिहून पाहिले तरी निम्मी स्थळे बाद व्हावीत.

हिशेब साधा आहे. समजा भाषेत वीस व्यंजने आणि पाच स्वर. म्हणजे एक व्यंजन, एक स्वर अशी अक्षरे झाली शंभर. रोजच्या वापराचे प्रत्यय, सर्वनामे, होकार-नकार, अव्यये यांना सगळ्यांनाच आखूड राहायचे असते, म्हणजे गर्दी या शंभर जागांवरच. त्यात ‘न’ बहुतेक प्रत्येक भाषेत असतो. एवढ्या भाषांमध्ये ‘ने’ सापडला नसता तर आश्चर्य मानायला हवे होते.

निहालीकडे परत येताना हे सगळे हाताशी असावे. ग्रिअर्सनच्या भाषासर्वेक्षणात, 1906च्या चौथ्या खंडात, स्टेन कोनोने तिला मुंडा गटात टाकले होते. सुधिभूषण भट्टाचार्य यांनी 1957 मध्ये क्षेत्रीय टिपणे प्रसिद्ध केली, आणि 1962 मध्ये डच विद्वान कायपर यांचा तौलनिक अभ्यास आला. कायपरांनी शब्द सुटे करून तपासले. सुमारे 36 टक्के कोरकूशी जुळणारे, सुमारे 9 टक्के द्राविडी, आणि जवळपास एक चतुर्थांश कशाशीच न जुळणारे. मोजणीत दोन, तीन, चार हे आकडे द्राविडी वळणाचे (‘इरार’, ‘मोठो’, ‘नालो’), पाचपासून पुढे आर्य भाषांतले. म्हणजे या भाषेने शेजाऱ्यांकडून मोकळ्या हाताने घेतले आहे. मग ‘ने’ही द्राविडीतून घेतला असेल का? असेल. पण ‘जो’चे काय? द्राविडीचा मी तसा नाही. कोरकूत मी ‘इंज’ आणि तू ‘अम’, तिथेही नाही. जोडीतला एकच जुळत असेल तर त्याला नाते म्हणत नाहीत. तरी हौस फिटत नाही. 1996 मध्ये ‘मदर टंग’ या नियतकालिकाने निहालीवर विशेष अंक काढला. त्यात आशा मुंडले यांचा निहाली शब्दसंग्रह आला, तो अतिशय मोलाचा. त्याच अंकात जॉन बेंग्टसन यांनी निहालीची जपानच्या उत्तरेतल्या ऐनूशी तुलना केली: इकडे डोळा ‘जिकी’, तिकडे ‘सिक’. ऐनूतही एक ‘ने’ आहे, बरे का. तिथे तो ‘असणे’.

कायपरांची दुसरी सूचना मला पटत नाही. निहालीतले अनाकलनीय शब्द ही मुद्दाम घडवलेली चोरभाषा असू शकेल, असे त्यांनी मांडले. त्यामागे निहालांना लुटारू ठरवणाऱ्या ब्रिटिशकालीन नोंदी होत्या. चोरांना गुप्त शब्द लागतात ते माल, पोलीस, पळा यांसाठी. पाणी, विस्तव, डोळा लपवून कोणी काय साधणार?

अलीकडे डेक्कन कॉलेजातले शैलेंद्र मोहन यांनी निहालीचे पद्धतशीर ध्वनिमुद्रण आणि दस्तऐवजीकरण केले. के. एस. नागराज यांचे ‘द निहाली लँग्वेज’ हे पुस्तक म्हैसूरच्या भारतीय भाषा संस्थानाने 2014 मध्ये काढले. गावात मात्र निहाली बोलणाऱ्या प्रत्येकाला कोरकू, हिंदी, मराठी यांपैकी काही ना काही येतेच, बाजारासाठी आणि शाळेसाठी. शाळेत त्यांची मुले ‘ने, ए, शी’ पाठ करतात. आपल्या घरातला ‘ने’ त्या तक्त्यात कुठेच नाही, हे त्यांना शिक्षकांनी सांगावे असे वाटते, पण ते शिक्षकांनाही कुणी सांगितलेले नसते. जनगणना तर 1971पासून दहा हजारांहून कमी बोलणारे असलेल्या भाषांची नावेच छापत नाही. ‘मातृभाषा कोणती?’ या रकान्यात सोनबर्डीच्या माणसाने निहाली असे उत्तर दिले, तरी प्रसिद्ध होणाऱ्या तक्त्यात ते ‘इतर’मध्ये जाते.