भाताच्या खाचरात मोगरा लावायला परवानगी लागते का?

गासच्या आपल्या गटात परवा हाच प्रश्न निघाला. एका ताईंना भाताच्या खाचरात मोगरा लावायचाय. कुणीतरी घाबरवलं, "जमीन हिरव्या पट्ट्यातली, केस होईल."

आधी भीती काढू. हिरवा पट्टा बांधकामाला आळा घालतो, पीक बदलायला नाही. १९६६ च्या जमीन महसूल संहितेतले नियम जमीन बिनशेती करण्यासाठी आहेत. भात, केळी, पानवेल, मोगरा ही सगळी शेतीच. केरळात मात्र २००८ च्या कायद्याने भातजमिनीला वेगळं संरक्षण आहे. तिथे खाचर बुजवणं गुन्हा ठरतो.

मग आपल्याकडे भांडण कशावरून होतं? भरावावरून. मोगऱ्याला मुळाशी पाणी साचलेलं चालत नाही, म्हणून माती टाकून खाचर उंच करतात. पावसाचं पाणी मग शेजारणीच्या भातात तुंबतं. १९०६ च्या मामलतदार न्यायालय कायद्याखाली ती तहसीलदारांकडे दावा करू शकते, पण अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत. दावा खरा ठरला तर अडथळा काढावा लागतो. तुमच्याच शेतात पाणी तुंबलं असेल, तर तारीख लिहून ठेवा, फोटो काढा.

म्हणून सगळं खाचर भरू नका, वाफे उंच करा, पाण्याची वाट मोकळी ठेवा. बाहेरून माती आणण्याआधी तहसील कार्यालयात विचारा. ई-पीक पाहणीत मोगरा नोंदवा. सातबाऱ्यावर भातच राहिला तर नुकसानभरपाईला अडचण येते.

आपल्या ताई आता शेजारणीला घेऊन बांधावर जाणार आहेत. कुदळ मारण्याआधी बोललेलं बरं!