भाडेकरूचे दुसरे घर आणि भाडे नियंत्रण कायदा

भाड्याच्या घरात वर्षानुवर्षे राहिलेल्या कुटुंबाने शहराबाहेरच्या नव्या वसाहतीत घर बांधले, किंवा एखाद्या सहकारी गृहनिर्माण संस्थेत सदनिका घेतली, की जुन्या जागेचा मालक सांगू लागतो, “आता तुमचे स्वतःचे घर झाले; माझी जागा मोकळी करून द्या.” व्यवहाराच्या दृष्टीने या म्हणण्यात गैर काही नाही. परंतु ‘भाडेकरूला दुसरे घर मिळाले की जुने घर सोडलेच पाहिजे, असा कायदाच आहे,’ अशी जी समजूत सर्वत्र आढळते, ती आजच्या महाराष्ट्रात बरोबर नाही. एके काळी ती बरोबर होती, आणि गैरसमजाचे मूळही तेथेच आहे.

राज्यात दीर्घकाळ तीन वेगवेगळे कायदे चालत होते. मुंबई व पश्चिम महाराष्ट्रात १९४७ चा मुंबई भाडे नियंत्रण अधिनियम, विदर्भात मध्यप्रांत व वऱ्हाडचा १९४९ चा आदेश आणि मराठवाड्यात १९५४ चा हैदराबाद अधिनियम. मुंबई अधिनियमाच्या कलम १३ मध्ये ताबा मागण्याची जी कारणे दिली होती, त्यांत एक कारण असे होते की, अधिनियम अंमलात आल्यानंतर भाडेकरूने राहण्यास योग्य असे घर बांधले आहे, अशा घराचा रिकामा ताबा मिळविला आहे किंवा त्यास असे घर वाटपात मिळाले आहे. विदर्भाच्या आदेशात, भाडेकरूने पर्यायी जागा मिळविली असल्यास, भाडे नियंत्रकाकडून भाडेपट्टा संपुष्टात आणण्याच्या नोटिशीची परवानगी घेण्याची वाट मालकास मोकळी होती.

यातील प्रत्येक शब्दावर न्यायालयांत काथ्याकूट झाला. ‘रिकामा ताबा’ म्हटल्यावर, केवळ नोंदणी केलेली पण अद्याप हाती न आलेली सदनिका पुरेशी ठरत नाही. स्वतःच्या मालकीचे असले तरी दुसऱ्या कुळाने व्यापलेले घरही चालत नाही. ‘योग्य’ म्हटल्यावर कुटुंबातील माणसे किती, खोल्या किती, नोकरीचे ठिकाण व मुलांची शाळा किती दूर, हे पाहावे लागते. दिल्लीच्या १९५८ च्या अधिनियमातही असेच कारण आहे. तेथील एका प्रकरणात पत्नीला तिच्या नोकरीमुळे सरकारी निवासस्थान मिळाले होते. ते भाडेकरू पतीने मिळविलेले घर मानावयाचे काय, हा प्रश्न होता. सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्ये नकारार्थी उत्तर दिले, कारण त्या निवासस्थानावर पतीचा स्वतःचा हक्क नव्हता. घर ‘कुटुंबात’ आले म्हणजे ते भाडेकरूचे झाले, असे नव्हे.

पुढे तिन्ही कायद्यांच्या जागी महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ आला व ३१ मार्च २००० पासून अंमलात आला. त्याच्या कलम १६ मध्ये ताबा मागण्याची कारणे एकत्र दिली आहेत. मात्र पर्यायी घराचे स्वतंत्र कारण त्यांत नाही. तेव्हा ‘भाडेकरूने सदनिका घेतली’ एवढ्याच आधारावर आज नवा दावा लावता येत नाही. ३१ मार्च २००० पूर्वी दाखल झालेले दावे मात्र जुन्या कायद्यानुसारच पुढे चालविण्याची तरतूद करण्यात आली.

मग भाडेकरूचे दुसरे घर आता निरर्थक झाले काय? तसे मुळीच नाही. ते दोन वाटांनी पुढे येते.

पहिली वाट वापराची. ज्या कामासाठी जागा भाड्याने दिली, त्यासाठी ती दाव्याच्या तारखेच्या लगत आधीचे सलग सहा महिने वाजवी कारणाशिवाय वापरलेली नसेल, तर ताबा मागता येतो. कुटुंब नव्या घरी राहावयास गेले, जुन्या घराला कुलूप लागले आणि ‘जागा राहू द्यावी, पुढे उपयोगी पडेल’ एवढाच हेतू उरला, तर हे कारण लागू पडू शकते. येथे पुरावा साधाच असतो : विजेचा व पाण्याचा वापर, शिधापत्रिका, मतदार यादी, शेजाऱ्यांची साक्ष. आजारपण, तात्पुरती बदली यांसारखे कारण मात्र वाजवी ठरू शकते.

दुसरी वाट मालकाच्या गरजेची आणि ती अधिक महत्त्वाची. मालकास स्वतःच्या वापरासाठी जागेची वाजवी व खरीखुरी गरज असली, तरी तेवढ्याने हुकूमनामा मिळत नाही. ताबा दिल्याने भाडेकरूची होणारी अडचण मोठी की नाकारल्याने मालकाची, याची तुलना न्यायालयाने करावयाची असते, आणि दोघांपैकी कोणास दुसरी वाजवी जागा उपलब्ध आहे, हा प्रश्न अधिनियमाने त्या तुलनेत शब्दशः घातला आहे. समजा, साताऱ्यातील एका वाड्यात दोन खोल्यांत राहणाऱ्या शिक्षकाने उपनगरात घर बांधले, आणि मालकाच्या विवाहित मुलास राहावयास जागा नाही. अशा वेळी शिक्षकाचे नवे घर हे दाव्याचे कारण नव्हे, पण तराजूच्या पारड्यातील मोठे वजन निश्चितच आहे. जागेचा काही भाग दिल्याने दोघांचीही अडचण होणार नसेल, तर तेवढ्याच भागाचा हुकूमनामा न्यायालय करू शकते. म्हणूनच दुसरे घर लपविण्याचा मोह भाडेकरूने टाळावा. उलटतपासणीत ते उघड झाले, म्हणजे त्याच्या खऱ्या अडचणीवरही विश्वास बसेनासा होतो.

जुने कारण गाळले, हे योग्य झाले काय, यावर मतभेद होऊ शकतात. सुस्थित भाडेकरूने जुने घर नाममात्र भाड्यात अडकवून ठेवावे व गरजूला जागा मिळू नये, हे टंचाईच्या काळासाठी केलेल्या कायद्याच्या हेतूशी सुसंगत नाही, असे प्रस्तुत लेखकास वाटते. सहा महिन्यांची अट ही उणीव काही अंशीच भरून काढते. अधूनमधून येऊन दिवा लावणारा भाडेकरू तिच्यातून निसटण्याचा प्रयत्न करतोच.

अशा वादांत ग्रामपंचायतीच्या दप्तरालाही कधी कधी महत्त्व येते. भाडेकरूचे मूळ गावी घर आहे, हे दाखविण्यासाठी कर आकारणीचा नमुना ८ चा उतारा न्यायालयात सादर होतो. तो मालकी हक्काचा निर्णायक पुरावा नसतो. तरीही उतारा देताना घराचे वर्णन व भोगवटादाराचे नाव नोंदवहीबरहुकूम असावे, आणि रहिवासाचा दाखला प्रत्यक्ष खात्री केल्याशिवाय देऊ नये. शासनाच्या किंवा स्थानिक संस्थेच्या मालकीच्या जागांना, म्हणजे पंचायतीने भाड्याने दिलेल्या गाळ्यांनाही, हा अधिनियम लागू नाही. दावे बृहन्मुंबईत लघुवाद न्यायालयात, इतरत्र जेथे असे न्यायालय असेल तेथे त्यात व अन्यथा दिवाणी न्यायाधीशांपुढे चालतात.

मालकानेही एक गोष्ट ध्यानात ठेवावी. स्वतःच्या गरजेसाठी म्हणून मिळविलेली जागा महिन्याभरात वापरात घेतली नाही, किंवा वर्षाच्या आत दुसऱ्यास भाड्याने दिली, तर जुना भाडेकरू ती परत मागू शकतो.