नदीकाठची खातेवही

पेरू देशातील इकितोस या शहराची वस्ती चार लाखांहून अधिक आहे. तेथे बाजारपेठ आहे, बँका आहेत, विद्यापीठ आहे; परंतु देशाच्या उर्वरित भागातून तेथे जाणारा रस्ता नाही. शहरातून निघणारा लांब पल्ल्याचा एकमेव रस्ता सुमारे शंभर किलोमीटरवरील नौता या गावी संपतो आणि पुढे पुन्हा नदीच लागते. माणूस एक वेळ विमानाने जाईल. पण सिमेंटची गोणी, औषधाचे खोके, पिठाचे पोते या साऱ्यांना बहुधा बोटीचीच वाट धरावी लागते.

ही वाट म्हणजे अमेझॉन. तिची लांबी सुमारे ६,४०० किलोमीटर असून जगातील सर्व नद्या मिळून समुद्राला जेवढे पाणी देतात, त्याचा जवळजवळ पाचवा हिस्सा ती एकटी देते. आपली गोदावरी १,४६५ किलोमीटर लांब आहे. तिच्याहून लांब अशा दहापेक्षा अधिक नद्या अमेझॉनला केवळ उपनद्या म्हणून मिळतात. इकितोस समुद्रापासून सुमारे ३,६०० किलोमीटर आत असूनही समुद्रसपाटीपासून त्याची उंची जेमतेम शंभर मीटर आहे. इतक्या मंद उतारामुळे समुद्रातील जहाजेही खंडाच्या पोटात दूरवर शिरू शकतात. म्हणूनच या अरण्याचा इतिहास पाण्यावरून आलेल्या व्यापाराचा इतिहास झाला.

पाण्याचे वर्ष

ब्राझीलमधील मनाउस शहराजवळ दोन नद्या एकत्र येतात. अँडीज पर्वताचा गाळ घेऊन आलेली सोलिमोइस गढूळ, पिवळसर. तर रिओ नेग्रो जंगलातील कुजलेल्या पाल्याच्या अर्काने काळ्या चहासारखी. तापमान, वेग आणि घनता भिन्न असल्याने दोन्ही प्रवाह काही किलोमीटर शेजारून वाहतात, पण लगेच मिसळत नाहीत. गाळाच्या नदीकाठी जमीन सुपीक असते, तर काळ्या नदीचे पाणी आम्लधर्मी आणि काठची माती निकस असते. काळ्या पाण्यात डास मात्र कमी होतात.

नदीकाठच्या रहिवाशांना ब्राझीलमध्ये 'रिबेरिन्यो' म्हणतात. त्यांचे वर्ष पाण्याच्या चढ-उतारावर चालते. मनाउसजवळ पाणी जूनच्या सुमारास सर्वांत वर चढते आणि ऑक्टोबर-नोव्हेंबरात सर्वांत खाली जाते. या दोन पातळ्यांत साधारण दहा मीटरांचे, म्हणजे तीन मजली इमारतीएवढे अंतर असते. घरे त्यामुळे लाकडी खांबांवर उभी असतात, किंवा मोठ्या ओंडक्यांवर बांधलेली असून पाण्याबरोबर वर-खाली होतात. पूर अधिक चढला, तर घरातली फळ्यांची जमीन उचलून वर बसवली जाते. भाजीपाला व औषधी वनस्पती जुन्या होड्यांत किंवा उंच मांडवांवर माती घालून जगवतात. जनावरांसाठीही पाण्यावर लाकडी माच उभारतात.

याच काळात जंगलाचा मोठा भाग पाण्याखाली जातो आणि मासे झाडांच्या बुंध्यांमधून फिरू लागतात. तांबाकी नावाचा मोठा मासा या दिवसांत बहुतांशी गळून पडलेली फळे व बिया खातो. न पचलेल्या बिया दूरवर जाऊन रुजतात. अशा रीतीने जलचर आणि वृक्ष परस्परांचा निर्वाह चालवतात. 'परस्परोपग्रहो जीवानाम्' हे सूत्र नित्य ऐकणाऱ्या जैन वाचकाला त्याचा अर्थ वेगळा समजावून सांगण्याची गरज नाही.

येथील माणसाचे मुख्य अन्न मासळी आणि कसावा या कंदाचे भाजलेले जाडसर पीठ. कडू कसावात विषारी द्रव्य असते. तो किसून, विणलेल्या लांब नळीसारख्या पिळणीत घालून पिळतात आणि मग भाजतात. हाच कंद पोर्तुगीजांमार्फत भारतात आला. महाराष्ट्रात उपवासाला चालणारा आणि अनेक जैन घरांत कंदमूळ म्हणून टाळला जाणारा साबुदाणा त्याचाच.

तरंगते दुकान

नदीकाठी चार-दहा घरांची वस्ती, पुढची वस्ती होडीने अर्ध्या दिवसाच्या अंतरावर. अशा ठिकाणी मीठ, कापड, रॉकेल, सुरी, साखर, कोयनेल कोण पोहोचवणार? हे काम 'रेगाताँव' म्हणजे फिरत्या नावाड्या-व्यापाऱ्याने केले. त्याची होडी हेच त्याचे दुकान आणि हेच त्याचे घर. तो माल देई आणि बदल्यात रबर, ब्राझील नट, जंगलातील इतर उत्पन्न घेई. रोकड फारशी नसेच; सारा व्यवहार उधारीचा आणि वहीतला.

या व्यापाऱ्यांत पोर्तुगीज होते, पुढे सीरिया-लेबनानचे लोक आले. आणि एक मोठा गट मोरोक्कोतील तांजिये, तेतुआन येथून आलेल्या ज्यू कुटुंबांचा होता. बेलें बंदरात त्यांचे प्रार्थनास्थळ १८२०च्या दशकापासून आहे. तेथून त्यांचे तरुण उपनद्यांवरील दूरच्या वस्त्यांत शिरले. धर्मगुरू जवळ नाही, समाजबांधव आठवड्याच्या प्रवासावर, आहाराचे नियम पाळणे कठीण. तरीही अनेकांनी आपले सण आणि शनिवारची विश्रांती जपली. त्यांच्या चौकशीसाठी मोरोक्कोहून आलेले शालोम मुयाल नावाचे धर्मगुरू १९१० मध्ये मनाउस येथे मरण पावले. शहराच्या दफनभूमीतील त्यांच्या कबरीवर आज स्थानिक ख्रिस्ती लोकही नवस बोलतात. मारवाड-गुजरात सोडून खानदेश-विदर्भाच्या खेड्यांत दुकान मांडणाऱ्या पूर्वजांच्या कथा ज्या घरांत सांगितल्या जातात, त्या घरांना हे चित्र परके वाटणार नाही.

उधारीशिवाय अशा वस्त्या जगल्याच नसत्या. आजारी मुलासाठी औषध आज हवे आणि जंगलातील उत्पन्न चार महिन्यांनी हाती येणार. मधला काळ व्यापाऱ्याच्या विश्वासावरच निभावतो. पण माल कोणत्या भावाने दिला, उत्पन्न कोणत्या वजनाने घेतले आणि वहीत काय लिहिले, हे तपासण्याचे साधन ग्राहकाकडे नव्हते. नदीवर दुसरा व्यापारी नाही, हातात लिहिता-वाचण्याची विद्या नाही. या दोन गोष्टी एकत्र आल्या की आधाराचा दोर गळ्याचा फास होण्यास वेळ लागत नाही.

कर्जाची साखळी

१८८८ मध्ये डनलॉप यांनी हवा भरलेला टायर घडवला आणि अमेझॉनच्या जंगलात विखुरलेल्या रबराच्या झाडांना सोन्याचे मोल आले. मनाउसमध्ये १८९६ अखेर संगमरवरी जिन्यांचे भव्य नाट्यगृह उघडले. त्या वैभवाखाली कर्जाची एक साखळी होती. बेलें-मनाउसचा अडत्या नदीवरील रबर-मालकाला माल उधार देई. मालक तोच माल चढ्या भावाने मजुराला देई. मजूर शेकडो झाडांना पहाटे खाचा पाडी, चीक गोळा करी, धुरावर थापून गोळे बनवी आणि ते मालकाच्या कोठीतच जमा करी. अन्य कोणास विकण्यास त्याला मनाई असे. अनेक ठिकाणी स्वतःपुरते धान्य पिकवण्यासही मनाई असे, कारण मग तो कोठीतून विकत काय घेणार?

हे मजूर बहुतांशी ब्राझीलच्या ईशान्य भागातून, सिआरा प्रांतातून आले होते. तेथे १८७७ ते १८७९ असा भीषण दुष्काळ पडला. त्याच सुमारास, १८७६ ते १८७८ या वर्षांत, दख्खनही दुष्काळात होरपळत होते. प्रशांत महासागरावरील एल निन्योच्या एकाच उलथापालथीने दोन्ही प्रदेशांचा पाऊस हिरावला होता, असे अभ्यासक आज मानतात. सिआराचा शेतकरी बोटीत पाय ठेवतानाच कर्जदार होई. प्रवासभाडे, हत्यारे, भांडी, पहिले धान्य सारे त्याच्या खात्यावर. १९०५ मध्ये पुरूस नदीच्या पाहणीवर गेलेले लेखक एउक्लिदेस दा कुन्या यांनी अशा मजुराचा हिशेब आकड्यांनिशी मांडून दाखवला आणि हे कर्ज फिटणे किती दुरापास्त आहे ते लोकांपुढे आणले.

पुतुमायोचा तराजू

या साखळीचे सर्वांत काळे टोक पुतुमायो नदीवर होते. तरुणपणी टोप्या विकणारा हुलिओ सेसार अराना हा पेरूचा व्यापारी तेथील रबराचा धनी झाला. १९०७ मध्ये त्याच्या कंपनीची नोंदणी लंडनमध्ये झाली आणि संचालक मंडळावर प्रतिष्ठित इंग्रज गृहस्थ बसले. जंगलात मात्र हुइतोतो, बोरा, अंदोके या आदिवासींकडून सक्तीने रबर आणवले जाई. तराजूचा काटा ठरलेल्या खुणेला टेकला नाही, तर पाठीवर चाबूक पडे. प्रचंड ओझी घेऊन त्यांना अन्नावाचून दिवसच्या दिवस चालवले जाई. हजारो माणसे मेली.

अमेरिकन अभियंता वॉल्टर हार्डेनबर्ग यांनी १९०९ मध्ये हे प्रकरण लंडनच्या वृत्तपत्रातून उघड केले. पुढल्या वर्षी ब्रिटिश वकिलातीचे अधिकारी रॉजर केसमेंट यांनी तेथे जाऊन साक्षी घेतल्या. त्यांचा अहवाल १९१२ मध्ये प्रसिद्ध झाला. ब्रिटिश संसदेच्या समितीने संचालकांना गुन्हेगार ठरवले नाही, परंतु त्यांच्या निष्काळजीपणाची कठोर निंदा केली. नफा घेताना तो कोठून येतो हे त्यांनी विचारले नव्हते. अरानाला शिक्षा झाली नाही. तो पुढे पेरूचा सिनेटर झाला. रबराची भरभराट मात्र फार टिकली नाही. हेन्री विकहॅम यांनी १८७६ मध्ये नेलेल्या बियांतून आशियात मळे उभे राहिले आणि पहिल्या महायुद्धाच्या आधीच अमेझॉनचे रबर बाजारातून मागे पडले.

श्रावकाच्या अणुव्रतांचे अतिचार प्रतिक्रमणात दरवर्षी उच्चारले जातात. अतिभारारोपण म्हणजे शक्तीबाहेर ओझे लादणे. अन्नपाननिरोध म्हणजे आश्रिताचे अन्नपाणी रोखणे. कूटलेखक्रिया म्हणजे खोटा लेख करणे. हीनाधिकमानोन्मान म्हणजे घेण्याचे माप एक आणि देण्याचे दुसरे ठेवणे. पुतुमायोच्या साक्षी वाचताना ही यादी जणू त्याच नदीवर बसून लिहिली असावी असे वाटते. व्यापाऱ्याला मोह कोठे पडतो, हे आचार्यांनी शतकानुशतके आधी ओळखले होते.

आणि हा दोष केवळ परदेशचा नाही. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी मारवाडी-गुजराती सावकारांच्या घरांवर चाल केली. त्यांचा रोख मुख्यतः कर्जखतांवर होता. ती हिसकावून जाळण्यात आली. त्यानंतर १८७९ चा कर्जदार शेतकऱ्यांसाठीचा कायदा आला. त्या सावकारांत अडीअडचणीला धावून जाणारेही होते. परंतु ज्याच्यापुढे वही कधी उघडली गेली नाही, त्या शेतकऱ्याला भला सावकार आणि बुरा सावकार यांत भेद कसा कळावा?

अक्षर आणि अंक

अमेझॉनमध्ये या प्रश्नाचे उत्तर रबर कामगारांनीच शोधले. मालकांना आपल्या जंगलात शाळा नको होती. मजूर शिकला तर हिशेब वाचेल. ब्राझीलच्या आक्रे राज्यातील शापुरी गावचे चिको मेंदेस तरुणपणी लिहायला-वाचायला शिकले आणि पुढे कामगारांचे नेते झाले. १९८० च्या दशकात त्यांच्या संघटनेने जंगलात प्रौढांसाठी शाळा आणि त्याबरोबर सहकारी दुकान काढले. अक्षर आणि अंक ही तेथे मुक्तीची साधने ठरली. जंगल तोडायला आलेल्या टोळ्यांसमोर स्त्री-पुरुष-मुले नि:शस्त्र उभी राहत. २२ डिसेंबर १९८८ रोजी मेंदेस यांची त्यांच्या घरीच हत्या झाली. त्यानंतर १९९० पासून ब्राझीलमध्ये राखीव वनक्षेत्रे स्थापन झाली. तेथे जमीन शासनाची असते आणि झाड न तोडता चीक, ब्राझील नट, फळे घेण्याचा हक्क रहिवाशांचा.

पुतुमायोच्या प्रदेशातही काळ पालटला. कोलंबियाने १९८८ मध्ये तेथील सुमारे ५८ लाख हेक्टर अरण्य आदिवासींच्या मालकीचे म्हणून मान्य केले. ला चोरेरा येथील ज्या इमारतीत अरानाच्या कंपनीचा कारभार चाले, तेथे आदिवासी मुलांची शाळा भरू लागली. २०१२ मध्ये देशाच्या राष्ट्राध्यक्षांनी या समाजाची जाहीर क्षमा मागितली.

आजची नदी

दूरच्या वस्त्यांकडे आज ब्राझीलच्या नौदलाची रुग्णालय-जहाजे जातात. सरकारी बँकेची एक शाखाही बोटीवरून फिरते. तरी मधल्या व्यापाऱ्याची गरज संपलेली नाही. २०२१ च्या जूनमध्ये मनाउस येथे पाणी ३०.०२ मीटरपर्यंत चढले. शंभरहून अधिक वर्षांच्या नोंदींतील तो उच्चांक होता. ऑक्टोबर २०२३ मध्ये तेच पाणी १२.७० मीटरपर्यंत उतरले आणि पुढल्याच वर्षी तो नीचांकही मोडला. बोटी गाळात रुतल्या, वस्त्या एकाकी पडल्या, लोकांना पिण्याचे पाणी आणि धान्य डोक्यावरून वाहावे लागले. तेफे सरोवराचे पाणी चाळीस अंशांच्या आसपास तापले आणि दोनशेहून अधिक डॉल्फिन मृत्युमुखी पडले.

अशा दिवसांत अडलेल्या वस्तीच्या धक्क्याला एखादी होडी लागते. तिच्यात तांदूळ, औषध आणि पिण्याचे पाणी असते. दुसरा विक्रेता पुढले कित्येक दिवस येणार नसतो. आज कोणत्या भावाने विकावे, उधारी कशी लिहावी, वजन कोणासमोर करावे, हे सारे त्या होडीतील व्यापाऱ्याच्या हाती असते. कायदा तेथे वेळेवर पोहोचत नाही. पोहोचते ते केवळ त्याने स्वतःला घालून घेतलेले बंधन. परिग्रहाचे परिमाण याच क्षणासाठी सांगितले आहे. बाजारात दहा दुकाने असताना माफक नफा घेणे ही बहुधा स्पर्धेची सक्ती असते. नदीवर एकच होडी असताना तो घेणे हे व्रत होय.