खर्ज धरणारा

दिवाळी सरली की आमच्या वडनेरहून हिंगणघाटकडे कापसाच्या गाड्या निघतात. जिनिंगच्या शेडमध्ये पाऊल टाकलं की आवाज कानाआधी तळपायाला कळतो. रेचे फिरतात, सरकी खाली पडते, रुई पुढे सरकते आणि जमिनीतून उठलेली घरघर छातीपर्यंत चढते. पॉल रेव्हन या इंग्रज बास गिटारवादकाचं वादन पहिल्यांदा ऐकलं, तेव्हा हीच थरथर मला ओळखीची वाटली.

बास गिटारला सहसा चार जाड तारा असतात. त्यातली सर्वांत खर्जातली तार सेकंदाला साधारण 41 वेळा कंप पावते. एरवी रॉकमध्ये हे वाद्य मागे राहून आधार देतं, भजनात डग्गा देतो तसा. 1970 च्या दशकाअखेर ब्रिटनमध्ये पंकची लाट ओसरू लागली आणि पोस्ट-पंक आलं. गिटार तुटक, खरखरीत झाली. चाल पुष्कळदा बासनेच उचलली. त्याआधी, 1976 मध्ये, ‘थ्रॉबिंग ग्रिसल’ या गटाने ‘इंडस्ट्रियल रेकॉर्ड्स’ ही कंपनी काढली. कारखान्याच्या गोंगाटाला संगीतात घेणाऱ्या प्रवाहाला तिच्यावरूनच नाव मिळालं. रेव्हन या दोन्ही प्रवाहांत वावरला.

त्याचा जन्म 1961 चा, वुल्व्हरहॅम्प्टनचा. कोळशाच्या खाणी आणि लोखंडाच्या भट्ट्यांचा हा मुलूख. 1982 मध्ये ‘किलिंग जोक’ या गटातून यूथ हा मूळ बासवादक बाहेर पडला आणि रेव्हन त्याच्या जागी आला. दुसऱ्याची जागा घेणं सोपं नसतं. पण ‘फायर डान्सेस’ (1983) आणि ‘नाइट टाइम’ (1985) या अल्बमांत त्याने ती आपलीशी केली. ‘नाइट टाइम’मधलं ‘लव्ह लाइक ब्लड’ ब्रिटनच्या क्रमवारीत 16 व्या स्थानापर्यंत पोचलं. ते हेडफोन लावूनच ऐकावं; मोबाईलच्या एवढ्याशा स्पीकरमधून खर्ज गळून जातो. बास एका चालीने पुढे जात राहतो, गिटार त्याच्यावर धुक्यासारखी पसरते आणि गायकाचा आवाज निर्धास्तपणे वर चढतो.

पुढे अमेरिकन वळण आलं. 1992 मध्ये ‘मर्डर इंक.’ हा गट, मग न्यूयॉर्कच्या ‘प्राँग’ या गटाबरोबर ‘क्लीन्झिंग’ (1994) आणि ‘रूड अवेकनिंग’ (1996) हे अल्बम. ‘मिनिस्ट्री’ हा तर इंडस्ट्रियलमधला दादा गट. त्यांच्या ‘रिओ ग्रांदे ब्लड’वर (2006) तो आहे. या संगीतात ड्रम आणि गिटार यंत्रासारखे तेच ते ठोके देत राहतात. तिथे माणसाच्या बोटांची ऊब टिकवायची ती बासवाल्याने. त्याच वर्षी ‘किलिंग जोक’चा ‘होझॅनाज फ्रॉम द बेसमेंट्स ऑफ हेल’ आला. तो प्रागच्या एका तळघरात ध्वनिमुद्रित झाला होता आणि त्यातही रेव्हन होता.

20 ऑक्टोबर 2007 रोजी जिनिव्हा परिसरात हृदयविकाराने तो गेला. वय अवघं 46. त्याच्या अंत्यविधीला ‘किलिंग जोक’चे जुने सोबती एकत्र आले आणि 2008 मध्ये मूळ चौघांचा गट पुन्हा उभा राहिला. बास हाती घेतला तो यूथनेच. 2010 च्या ‘अ‍ॅब्सोल्यूट डिसेंट’ या अल्बममध्ये रेव्हनच्या आठवणीतलं एक गाणं आहे, ‘द रेव्हन किंग’. ज्याची जागा रेव्हनने घेतली होती, त्यानेच त्या गाण्यात त्याच्यासाठी खर्ज धरला.