चांगलं ऐकणं मोजता येतं का? गोव्यातल्या समुपदेशकांकडून संशोधकांनी शिकण्यासारखं काही



मानसशास्त्र, समाजकार्य, सार्वजनिक आरोग्य अशा विषयांत संशोधन करू इच्छिणाऱ्यांकडून एक वाक्य हमखास ऐकायला मिळतं : "लोक माझ्याशी मोकळेपणाने बोलतात, त्यामुळे मुलाखती किंवा समुपदेशन मला जमेल." स्वभाव बोलका, मन चांगलं, मग अजून काय लागतं? बाकीचं अनुभवाने येईल, असं आपण धरून चालतो.

या समजुतीचे दोन भाग आहेत. एक, मदत करण्याचं कौशल्य स्वभावातूनच येतं. दोन, काम करत राहिलं की ते आपोआप वाढतं. दोन्ही भाग तपासले गेलेले आहेत आणि दोन्ही डळमळीत आहेत. मग हे कौशल्य वाढतं कशाने? त्याचं एक चांगलं उदाहरण आपल्या शेजारच्या गोव्यात आहे. आज तेच समजून घेऊ.

आधी अनुभवाचं बघू

२०१२ मध्ये वॉलफिश आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मानसिक आरोग्य क्षेत्रातल्या १२९ व्यावसायिकांना एक साधा प्रश्न विचारला : तुमच्यासारखंच काम करणाऱ्या इतरांच्या तुलनेत तुमचं कौशल्य किती? सुमारे २५ टक्के लोकांनी स्वतःला वरच्या १० टक्क्यांत बसवलं. सरासरीपेक्षा कमी आहे असं म्हणणारा एकही नव्हता. आता गणित बघा. सगळेच्या सगळे सरासरी किंवा त्याच्या वर असणं जवळपास अशक्य आहे. म्हणजे स्वतःच्या कामाचा अंदाज घेण्यात प्रशिक्षित माणसंही चुकतात.

२०१६ मध्ये गोल्डबर्ग आणि सहकाऱ्यांचा अभ्यास आला. अमेरिकेतल्या एका विद्यापीठाच्या समुपदेशन केंद्रातले १७० थेरपिस्ट आणि त्यांच्याकडे आलेले ६,५९१ लोक, असा मोठा डेटा होता. प्रत्येक थेरपिस्टची सरासरी पावणेपाच वर्षांची माहिती होती, काहींची तर जवळपास १८ वर्षांची. जसजसा अनुभव वाढला, तसतसे लोकांना मिळणारे परिणाम सुधारले का? सरासरीने नाही. उलट अगदी किंचित घट दिसली. उपचार मध्येच सोडून जाणाऱ्यांचं प्रमाण मात्र अनुभवाबरोबर कमी झालं. काही थेरपिस्ट सुधारलेही. पण नुसती वर्षं मोजून कौशल्य वाढत नाही, हे स्पष्ट झालं.

असं का होत असेल? स्वयंपाकाशी तुलना करून बघा. भाजीत मीठ जास्त झालं तर पहिल्या घासाला कळतं आणि दुसऱ्या दिवशी हात आवरता येतो. समुपदेशनात तसं नाही. समोरची व्यक्ती "बरं वाटलं, थँक्यू" म्हणते आणि जाते. तिला खरंच बरं वाटलं की ती फक्त शिष्टाचार पाळत होती, हे तुम्हाला कळत नाही. चुकीची खूण वेळेवर मिळालीच नाही, तर तीच चूक वर्षानुवर्षं सफाईने करता येते.

आपण काय बोललो, हे आपल्यालाच आठवत नाही

१९४० च्या सुमारास कार्ल रॉजर्स आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी समुपदेशनाची सत्रं ध्वनिमुद्रित करायला सुरुवात केली. तेव्हा ते तबकडीवर करावं लागे, म्हणजे भरपूर खटाटोप. १९४२ च्या पुस्तकात रॉजर्सने एका व्यक्तीबरोबरची सगळी सत्रं शब्दशः छापली. तोपर्यंत बंद दाराआड काय चालतं, हे फक्त समुपदेशकाच्या तोंडून कळायचं.

त्यांचे सहकारी कोव्हनर यांनी मग समुपदेशकांनी लिहिलेले अहवाल आणि प्रत्यक्ष मुद्रण शेजारी ठेवून बघितलं. अहवालात जे लिहिलं होतं ते बरचसं बरोबर होतं, पण प्रत्यक्ष संवादाचा मोठा भाग अहवालात आलाच नव्हता. मुलाखतीनंतर लोकलमध्ये बसून आठवणीने टिपणं काढणाऱ्या प्रत्येक संशोधकाने हे लक्षात ठेवावं.

गोव्यातला प्रयोग

आता मुख्य उदाहरण. 'संगथ' ही गोव्यातली संस्था १९९६ पासून मानसिक आरोग्यावर काम करते. डॉ. विक्रम पटेल आणि त्यांच्या चमूसमोर प्रश्न असा होता : आपल्याकडे मानसोपचारतज्ज्ञ इतके कमी, मग गावातल्या प्राथमिक आरोग्य केंद्रात येणाऱ्या नैराश्यग्रस्त माणसाला बोलून दिला जाणारा उपचार कोण देणार? त्यांनी स्थानिक लोकांमधून समुपदेशक निवडले. मानसिक आरोग्याची पदवी नाही, आधीचं प्रशिक्षण नाही, किमान शालेय शिक्षण झालेलं. अशांना तयार करायचं होतं.

उपचाराचं नाव हेल्दी अॅक्टिव्हिटी प्रोग्रॅम. सहा ते आठ सत्रं, प्रत्येक साधारण अर्ध्या-पाऊण तासाचं. कल्पना सोपी आहे. नैराश्यात माणूस एकेक गोष्ट सोडत जातो : भजनाला जाणं, शेजारणीशी गप्पा, बाजारहाट. गोष्टी सुटल्या की आनंदाचे प्रसंग कमी होतात, त्यामुळे मन अजून खचतं आणि अजून गोष्टी सुटतात. समुपदेशकाने त्या व्यक्तीबरोबर बसून हे चक्र ओळखायचं आणि एकेक छोटी कृती पुन्हा सुरू करायला मदत करायची.

२०१३ ते २०१५ या काळात १० प्राथमिक आरोग्य केंद्रांत ४९५ जणांवर रँडमाइझ्ड ट्रायल झाली. सगळ्यांचा पीएचक्यू-९ या प्रश्नावलीवरचा स्कोअर १४ च्या वर होता, म्हणजे नैराश्य बऱ्यापैकी तीव्र. एका गटाला डॉक्टरांकडून नेहमीची, थोडी सुधारलेली सेवा मिळाली. दुसऱ्या गटाला तीच सेवा आणि शिवाय हे समुपदेशन. तीन महिन्यांनी स्कोअर १० च्या खाली आलेले लोक समुपदेशनाच्या गटात २३० पैकी १४७, म्हणजे ६४ टक्के होते. दुसऱ्या गटात २३६ पैकी ९१, म्हणजे ३९ टक्के. हे निकाल २०१७ मध्ये 'द लॅन्सेट'मध्ये प्रसिद्ध झाले.

बातम्यांमध्ये इथेच थांबतात. आपल्याला पुढचं हवं : ही माणसं तयार कशी केली?

सुरुवातीला सुमारे तीन आठवड्यांची कार्यशाळा झाली. त्यानंतर अनेक महिने देखरेखीखाली प्रत्यक्ष काम. आणि कायम चालू राहिलेली गोष्ट म्हणजे गटातलं सुपरव्हिजन. रुग्णाच्या संमतीने सत्र मुद्रित व्हायचं. मग सगळे समुपदेशक एकत्र बसून एखाद्याचं रेकॉर्डिंग ऐकायचे आणि ठरलेल्या मोजपट्टीवर गुण द्यायचे. मोजपट्टीत दोन प्रकारची कौशल्यं होती. एक सर्वसाधारण : नीट ऐकलं का, समानुभूती दाखवली का, समोरच्याला सहभागी करून घेतलं का. दुसरी त्या उपचाराची खास : मागच्या वेळी ठरलेल्या कृतीबद्दल विचारलं का, पुढची कृती मिळून ठरवली का. हे सहकाऱ्यांचे गुण तज्ज्ञांच्या गुणांशी ताडून बघितले. ते वापरण्याइतपत जुळतात, असं या चमूच्या २०१४ च्या शोधनिबंधात दिसलं.

यात मला सगळ्यात महत्त्वाची वाटते ती मनाची तयारी. स्वतःचं रेकॉर्डिंग चार जणांसमोर लावायचं, आणि "इथे तू तिला मध्येच तोडलंस" हे ऐकून घ्यायचं. 'मी चांगला माणूस आहे' आणि 'माझं आजचं सत्र कच्चं होतं' ही दोन वाक्यं एकाच वेळी खरी असू शकतात, हे मान्य केल्याशिवाय ते जमत नाही.

थांबा, निष्कर्ष किती ताणायचा?

संशोधक म्हणून इथे एक प्रश्न पडायला हवा. या ट्रायलवरून 'सुपरव्हिजनमुळे फरक पडला' असं म्हणता येईल का? नाही. तुलना होती 'समुपदेशन अधिक नेहमीची सेवा' विरुद्ध 'नेहमीची सेवा'. म्हणजे प्रशिक्षण, मोजपट्टी, सुपरव्हिजन आणि उपचार असं अख्खं पॅकेज उपयोगी ठरलं. त्यातला कोणता भाग किती कामाचा, हे सांगायला सुपरव्हिजन असलेले आणि नसलेले समुपदेशक असे गट लागतील. वॉलफिश यांचा अभ्यासही १२९ जणांच्या स्वतःच्या सांगण्यावर उभा आहे. तरी सगळे पुरावे एकाच दिशेला बोट दाखवतात, आणि सुरुवात करायला तेवढं पुरेसं आहे.

तुम्ही काय करू शकता?

तिघांचा गट करा. एक बोलेल, एक ऐकेल, एक फक्त निरीक्षण करेल. विषय खरा घ्या पण हलका : गाईडबरोबरची कुरबुर, घरच्यांची लग्नाची घाई. दहा मिनिटं, सगळ्यांच्या संमतीने फोनवर रेकॉर्ड करा, ऐकून झालं की डिलीट करा.

निरीक्षकाने काय बघायचं? समजा बोलणारी म्हणाली, "घरात सगळे असतात, पण माझ्याशी कोणी बोलत नाही." ऐकणारा म्हणू शकतो :

- "अगं, योगा सुरू कर." (सल्ला)
- "होईल सगळं ठीक." (समजूत)
- "का बोलत नाहीत? काही भांडण झालं का?" (उलटतपासणी)
- "माणसं आहेत घरात, पण तरी एकटं वाटतं." (ऐकलेलं परत देणं)

कोणत्या प्रकारचं वाक्य किती वेळा आलं, मध्येच किती वेळा तोडलं आणि शांतता किती सेकंद सहन झाली, एवढंच मोजा. दर आठवड्याला एकदा, दोन महिने. पहिल्या आठवड्यात सल्ल्यांची संख्या बघून बहुतेकांना धक्का बसेल, तो बसू द्या. एक फरक मात्र लक्षात ठेवा : संशोधनाच्या मुलाखतीत ऐकलेलं परत देताना स्वतःचे शब्द समोरच्याच्या तोंडी घालू नका, नाहीतर डेटात तुम्हीच बोलत असाल.

आणि फील्डवर जाण्याआधी

मी जोगेश्वरीत राहते. पूर्वेकडच्या टेकडीवरच्या वस्त्यांत घर म्हणजे अनेकदा एकच खोली. तिथे सुनेची मुलाखत घेताना सासू चहा गाळत असते, दारात शेजारीण उभी असते आणि मुलगा मोबाईलवर. गोपनीयतेचा कागद सही करून घेतला तरी ती गोपनीय मुलाखत होत नाही. म्हणून जागा आधी ठरवा : अंगणवाडी रिकामी असतानाची वेळ, आरोग्य केंद्रातली खोली, किंवा ती म्हणेल ती जागा. आणि कोणी अचानक आत आलं तर कोणत्या साध्या विषयावर वळायचं, हे दोघींनी आधीच बोलून ठेवा.

मुलाखतीत कोणी रडू लागलं तर काय करणार, हे एथिक्स कमिटीच्या प्रस्तावातच लिहा. थांबायचं, "पुढे जायचं की आज इथेच थांबायचं?" हे विचारायचं, आणि मदतीचा पत्ता हातात द्यायचा. सरकारची टेलि-मानस ही मोफत हेल्पलाइन ऑक्टोबर २०२२ पासून सुरू आहे, नंबर १४४१६. तुम्ही तिथे संशोधक म्हणून गेला आहात, समुपदेशक म्हणून नाही, त्यामुळे उपचार सुरू करू नका. पण जीवाला धोका आहे असं वाटलं तर 'माझं काम फक्त डेटाचं' म्हणून उठूनही येऊ नका. अशा वेळी गोपनीयतेला मर्यादा असते, आणि ती संमतीपत्रात आधीच सांगितलेली असली पाहिजे.

शेवटचं, स्वतःसाठी. लागोपाठ चार जड मुलाखती ठेवू नका, आणि प्रत्येक आठवड्याला गाईड किंवा एखाद्या सीनियरबरोबर अर्धा तास ठरवून घ्या. त्या अर्ध्या तासात किती मुलाखती झाल्या हे सांगू नका, तो आकडा ईमेलवर कळतो. त्याऐवजी एका मुलाखतीचा पाच मिनिटांचा तुकडा लावा आणि विचारा, "मी इथे काय ऐकलं नाही?"